भंगाराचा लिलाव होतो, घामाचा हिशोब होत नाही

यवतमाळ जिल्ह्यात उद्योगधंद्यांचा विषय निघाला की दोन वाक्ये हमखास ऐकू येतात. एक, 'आपली शकुंतला बंद पडली.' दोन, 'गावातल्या जिनिंग-प्रेसिंग बसल्या.' मग मोबाईलवर फोटो फिरतात. गवतात बुडालेले रूळ, गंजलेली प्रेस, पिंपळाचे रोप उगवलेले धुराडे. खाली कोणीतरी लिहितो, 'गेले ते दिवस.'

ही हळहळ खोटी आहे असे आम्ही म्हणत नाही. पण त्या फोटोत माणूस कुठे आहे? यंत्र दिसते, यंत्रावरचा हात दिसत नाही. तो हात कोणाचा होता, त्याला किती मिळाले आणि यंत्र थांबल्यावर त्याचे काय झाले, असे तीन प्रश्न विचारले की हळहळणारे गप्प होतात. गेलेले ते दिवस त्यांच्यासाठी सोन्याचे असतील. आमच्यासाठी ते हंगामी मजुरीचे दिवस होते, आणि त्या मजुरीचा हिशोब अजून बाकी आहे.

आम्ही म्हणजे कोण, तेही सांगून टाकू. जिनिंगच्या भिंतीला लागून असलेल्या वस्तीतली आम्ही पोरे. आमच्या आज्या रेच्यावर कापूस लावायला जायच्या, आजोबा आणि काका गाठी उचलायचे. आम्ही शिकलो, कोणी मास्तर झाला, कोणी वकील, कोणी चळवळीत आला. पण आमच्या शिक्षणाची पहिली फी त्या कारखान्यातल्या मजुरीतून गेली आहे. म्हणून या विषयावर बोलण्याचा आमचा हक्क आहे, आणि ती आमची जबाबदारीही आहे.

आधी ही यंत्रे इथे आली कशी ते पाहू. इंग्रजांनी १८५३ मध्ये निजामाकडून वऱ्हाडाचा कारभार आपल्या हातात घेतला. पुढे १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध झाले, तिथला कापूस इंग्लंडला मिळेना, आणि वऱ्हाडच्या काळ्या मातीकडे मँचेस्टरचे लक्ष गेले. १८६७ मध्ये मुंबईची रेल्वे नागपूरपर्यंत पोचली. मुख्य मार्गापासून लांब असलेल्या यवतमाळचा कापूस तिथपर्यंत नेण्यासाठी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला किलिक निक्सन या कंपनीच्या पुढाकाराने यवतमाळ ते मूर्तिजापूर आणि मूर्तिजापूर ते अचलपूर अशी अडीच फुटी रुळांची छोटी लाईन टाकली गेली. दोन्ही मिळून सुमारे १९० किलोमीटर. मालकी सेंट्रल प्रोव्हिन्सेस रेल्वे कंपनीची, गाडी चालवायची ग्रेट इंडियन पेनिन्सुला म्हणजे जीआयपी रेल्वेने. १९२१ साली मँचेस्टरमध्ये बनलेले वाफेचे इंजिन या लाईनीवर १९२३ पासून धावले ते थेट एप्रिल १९९४ पर्यंत. मग डिझेल इंजिन आले. देशातल्या रेल्वे सरकारी झाल्या, तरी ही लाईन खासगी मालकीचीच राहिली. गेल्या दशकात ती बंद पडली.

म्हणजे आज ज्याला 'आपला वारसा' म्हणतात ती यंत्रणा मुळात आपला कापूस बाहेर नेण्यासाठी उभी झाली. रेचा इथे आला, प्रेस इथे आली, कारण सरकी आणि हवा काढून टाकल्याशिवाय कापूस लांब नेणे परवडत नाही. हिशोब साधा आहे. शेतकऱ्याचा पाच क्विंटल कापूस रेच्यातून गेला की साधारण १७० किलो रुई निघते, बाकी सरकी आणि घट. ती १७० किलो रुई प्रेसमध्ये दाबली की एक गाठ होते. इथे एवढेच काम ठेवले गेले. सूत, कापड आणि त्यातला मोठा नफा दुसरीकडे. कच्चे काम वऱ्हाडात, पक्के काम बाहेर. ही वाटणी इंग्रजांनी केली, पण इंग्रज गेल्यावर ती कोणी फारशी मोडली नाही.

आता आतली वाटणी पाहा. कारखान्यातही वरचे काम आणि खालचे काम असतेच, आणि आपल्या देशात ते जातीने ठरते. मुंबईच्या कापड गिरण्यांत अस्पृश्य कामगाराला विणकाम खात्यात घेत नसत. कारण काय, तर धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे आणि त्याच्या तोंडाचा धागा इतरांना चालत नसे. जास्त पगाराचे खाते असे बंद. १९२८ च्या गिरणी संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न लावून धरला. कामगारांच्या मागण्यांच्या यादीत ही मागणी आपणहून आली नव्हती. ज्याच्यावर अन्याय होता त्याच्या नेत्याला ती मांडावी लागली.

रेल्वेचीही तीच गोष्ट. १२ आणि १३ फेब्रुवारी १९३८ ला मनमाडला जीआयपी रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांची परिषद झाली. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू आहेत, हे बाबासाहेबांनी तिथेच सांगितले. हे वाक्य आपण सगळे जयंतीला बोलतो. पण त्याच भाषणात त्यांनी अगदी रोजच्या गोष्टी मोजून दाखवल्या होत्या, त्या आपण विसरतो. अस्पृश्य कामगार जन्मभर गँगमन राहतो, त्याला बढती नाही. त्याला साधा पोर्टरही करत नाहीत, कारण लहान स्टेशनात पोर्टरला स्टेशनमास्तरच्या घरातले काम करावे लागते आणि घरात अस्पृश्य चालत नाही. वर्कशॉपच्या कुशल कामात त्याला जागा नाही.

मित्रांनो, हे भाषण जीआयपीच्या कामगारांसमोर झाले होते आणि आपली शकुंतलाही जीआयपीच चालवत होती. म्हणून शकुंतलेच्या आठवणी लिहिणाऱ्यांनी खिडकीतून दिसणारी पळसाची झाडे जरूर लिहावीत. पण दारव्हा, कारंजाच्या उन्हात रूळ उचलणाऱ्या गँगमनबद्दलही दोन ओळी लिहाव्यात. गाडीचा वेग कमी होता म्हणून चालत्या गाडीत चढता यायचे, हे कौतुक पुष्कळ ऐकले. रूळ कोणाच्या खांद्यावरून आले, ते अजून ऐकायचे आहे.

जिनिंगमध्ये आम्ही काय पाहिले ते सांगतो. मालक, मुनीम, तोलकरी, फिटर हे एका बाजूला. हमाल, गाठ बांधणारे, रेच्यावरच्या बाया दुसऱ्या बाजूला. दोन्ही बाजूंची आडनावे वाचली की जनगणना करायची गरज उरत नाही. रेच्यात चामड्याचा रोलर असतो. तो कापसाचे तंतू ओढून घेतो आणि पट्टीपाशी सरकी सुटून खाली पडते. त्या चामड्याला लागून निघालेली रुई कोणालाच विटाळत नव्हती. पण चामड्याचे काम करणाऱ्यांच्या पोराला फिटरच्या हाताखाली शिकायला ठेवा म्हटले, की जागा नसायची.

दिवाळी झाली की हंगाम सुरू व्हायचा आणि होळीनंतर मंदावायचा. आठ-दहा तास कापसाचा भुगा नाकातोंडात. आमची आजी पदर तोंडाला बांधून काम करायची आणि घरी आल्यावर गूळ खायची, गुळाने घसा साफ होतो असे त्या सगळ्या बायांना वाटायचे. उन्हाळ्यात तेंदूपत्ता, पावसाळ्यात निंदण, आणि पुन्हा दिवाळीनंतर तोच रेचा. असे वीस-पंचवीस हंगाम. एकदा आम्ही तिला विचारले, एवढी वर्षं काम केलं, हाती काय लागलं? ती म्हणाली, "मशीन जुनी झाली तं तेल मागते बाप्पा, माणूस जुना झाला तं त्याले घरी धाडतेत." हे ती हसत म्हणाली होती. आम्हाला हसू आले नाही.

तो कारखाना एका हंगामात उघडलाच नाही. नोटीस नाही, बैठक नाही. बाया दोन-तीन दिवस फाटकापाशी जाऊन बसल्या आणि परत आल्या. काही वर्षांनी ट्रक आले, रेचे सुटे करून वजनावर गेले, प्रेस कापून गेली. भंगारवाल्याने प्रत्येक तुकडा काट्यावर ठेवला. लोखंडाचा भाव वेगळा, बिडाचा वेगळा, पितळेचा वेगळा. प्रत्येक खेपेची पावती झाली. त्याच फाटकातून वीस वर्षे आत-बाहेर केलेल्या बाईच्या नावाची एकही पावती कोणाकडे नव्हती.

हे का झाले? काही जण म्हणतील, काळ बदलला. काळ आपोआप बदलत नाही, धोरणे बदलतात. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला महाराष्ट्रात कापूस एकाधिकार खरेदी योजना आली. सरकार कापूस घ्यायचे आणि गावोगावच्या जिनिंगला काम मिळायचे. त्या योजनेत दोष होते, चुकारे अडकायचे, भ्रष्टाचार होता. पण ती मोडली तेव्हा शेतकऱ्याचे काय होईल यावर वाद झाला, जिनिंगच्या मजुराचे काय होईल यावर कोणी बोलले नाही. मग २००० साली केंद्राचे कापूस तंत्रज्ञान अभियान आले. जिनिंग-प्रेसिंग आधुनिक करायला त्यातून अर्थसाहाय्य मिळू लागले. स्वयंचलित यंत्रे आली, कापूस पट्ट्यावरून आणि नळीतून जाऊ लागला. गावातल्या जुन्या जिनिंग बसल्या आणि महामार्गाच्या कडेला नव्या उभ्या राहिल्या. कापूस कमी झाला नाही, गाठी कमी झाल्या नाहीत, कमी झाले ते हात. आधुनिकीकरणाला पैसा होता, पण त्या पैशात हातांना दुसरे काम शिकवायची तरतूद आमच्या वस्तीपर्यंत कधी आली नाही.

शकुंतलेच्या दुसऱ्या टोकाला अचलपूरला सरकारी वस्त्रोद्योग महामंडळाची फिनले मिल आहे. २०२० च्या टाळेबंदीत तिची यंत्रे थांबली आणि कामगार रस्त्यावर आले. म्हणजे जुने यंत्र असो की नवे, मालक खासगी असो की सरकारी, थांबायची वेळ आली की सगळ्यात आधी कामगार बाहेर पडतो.

आता कायद्याकडे या, कारण आपली खरी लढाई तिथे आहे. १९३४ च्या कारखाना कायद्यात बारमाही कारखान्याला आठवड्याचे ५४ तास आणि हंगामी कारखान्याला ६० तास होते. हंगामी म्हणजे जिनिंगसारखे. बाबासाहेब व्हाईसरॉयच्या मंडळात मजूर खात्याचे मंत्री असताना १९४६ मध्ये दुरुस्ती झाली आणि हे तास ४८ आणि ५० वर आले. फरक सहा तासांचा होता, तो दोनावर आला. १९४८ च्या कायद्याने तोही गेला. 'बाबासाहेबांनी आठ तासांचा दिवस दिला' एवढेच आपण पोस्टरवर लिहितो. हंगामी कामगाराला बारमाही कामगाराच्या जवळ आणून बसवले, हेही लिहिले पाहिजे. आमच्या आज्यांसाठी तो फरक रोजचा होता.

पण कामाच्या तासांत जे झाले ते बाकी हक्कांत झाले नाही. कामगार राज्य विमा कायदा १९४८ चा. त्यात हंगामी कारखाने वगळले आहेत आणि हंगामी म्हणजे काय हे सांगताना सरकी काढणे आणि गाठी दाबणे या कामांचा नाव घेऊन उल्लेख आहे. म्हणजे भुगा खाऊन फुफ्फुस बिघडले तर ईएसआयचा दवाखाना नाही. कापसाच्या भुग्याने होणारा फुफ्फुसाचा रोग कायद्याच्या यादीत व्यवसायजन्य रोग म्हणून आहे, पण ज्या बाईचे नावच हजेरीपटावर नाही तिचा रोग कोणत्या व्यवसायाचा ठरणार?

ग्रॅच्युइटीचा कायदा १९७२ चा. बारमाही कामगाराला दर वर्षामागे १५ दिवसांची मजुरी, हंगामी कामगाराला दर हंगामामागे ७ दिवसांची. वीस वर्षांचा हिशोब करा. एकाला ३०० दिवसांची मजुरी, दुसऱ्याला १४० दिवसांची. आणि ही १४० दिवसांची मजुरीही आमच्या वस्तीत कोणाला मिळाल्याचे आम्ही ऐकले नाही. २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेने जुने कायदे गुंडाळले, पण हंगामी कामगाराचे ७ दिवस तसेच ठेवले आणि विम्यातून हंगामी कारखाने वगळणेही तसेच ठेवले. सुधारणा झाली ती कायद्यांची संख्या कमी करण्यात.

कोणी म्हणेल, हंगामी कामगार वर्षभर काम करत नाही, मग त्याला कमी मिळणे न्याय्यच आहे. यावर आमचे उत्तर असे. हंगाम त्याने ठरवला नाही. उरलेल्या महिन्यांत तो त्याच कापसाच्या शेतात निंदण करतो, फवारणी करतो, वेचणी करतो. कापसाचे चक्र बारमाही आहे आणि त्या चक्राला लागणारा मजूरही बारमाही आहे. मालक बदलतात म्हणून त्याचे वर्ष तुटक दिसते. कापूस व्यापाऱ्याच्या वहीत वर्षभराचा असतो, मजुराच्या हक्कात मात्र तो चार-पाच महिन्यांचा होतो.

दुसरा आक्षेप आपल्याच काही मित्रांकडून येतो. यंत्राने गाव बिघडवले, पुन्हा चरख्याकडे आणि गावाकडे चला, असे ते म्हणतात. आम्हाला हे मान्य नाही. बाबासाहेबांनी १९१८ मध्येच लहान शेतजमिनींवरच्या निबंधात दाखवले होते की शेतीवर माणसांचा जादा भार आहे आणि तो उतरवायचा तर उद्योग वाढले पाहिजेत. पुढे गांधीवादाची चिकित्सा करताना त्यांनी यंत्राचीच बाजू घेतली. यंत्रामुळे माणसाला फुरसत मिळते आणि फुरसतीशिवाय संस्कृती नाही. दोष यंत्राचा नाही, यंत्राचा फायदा मूठभरांकडे नेणाऱ्या समाजरचनेचा आहे. यवतमाळचा अनुभव हेच सांगतो. उद्योग आले म्हणून आमची वस्ती गरीब राहिली नाही. उद्योग अर्धे आले, खालचे काम आमच्याकडे आले, आणि जाताना जमीन आणि लोखंड मालकाकडे राहिले.

जमिनीची गोष्ट तर बोलायलाच हवी. जुन्या जिनिंग आज शहराच्या मधोमध आल्या आहेत. तिथे प्लॉट पडतात, मंगल कार्यालये होतात, दुकानांचे गाळे होतात. बंद कारखान्यातली खरी किंमत यंत्राची नसते, त्याच्या खालच्या जमिनीची असते. ती किंमत वाढली ती कशाने? आजूबाजूला वस्ती झाली, रस्ते झाले, शहर वाढले. ते शहर बांधणारे हातही आमचेच.

तिसरा मुद्दा वारशाचा. शकुंतला जपा, संग्रहालय करा, पर्यटन गाडी चालवा, अशा मागण्या होतात. आमचा विरोध नाही. मँचेस्टरचे इंजिन जरूर ठेवा. पण त्याच्या शेजारी गँगमनचा हातोडा ठेवा, मनमाड परिषदेचा फलक लावा, हमालाचा हूक ठेवा. हे नसेल तर ते संग्रहालय मालकाच्या दिवाणखान्यासारखे होईल, जिथे आमच्या माणसाला आजवर दाराबाहेर उभे केले.

आता पुढचे. २८ फेब्रुवारी २०२४ ला वर्धा ते कळंब हा ३९ किलोमीटरचा मोठा रेल्वेमार्ग सुरू झाला. वर्धा-यवतमाळ-नांदेड मार्गाचा तो पहिला तुकडा. रेल्वे येते आहे याचा आनंद आहे. पण शंभर वर्षांपूर्वीही रेल्वे आली होती आणि तेव्हाही म्हणत होते की जिल्ह्याचे भले होईल. रेल्वेने काय नेले आणि काय आणले, आणि तिच्यावर कोण कुठल्या कामाला लागले, हे आधी विचारले नाही तर पुढच्या शंभर वर्षांनीही आपली नातवंडे गवतातल्या रुळांचे फोटो काढत बसतील.

म्हणून कार्यकर्त्यांना आमची चार कामांची विनंती आहे.

१. आपल्या तालुक्यातल्या बंद जिनिंग-प्रेसिंगची यादी करा. जिवंत असलेल्या जुन्या कामगारांची नावे, किती हंगाम काम केले, कोणत्या खात्यात, हे लिहून घ्या. हजेरीकार्ड, पगाराची चिठ्ठी, प्रॉव्हिडंट फंडाचा नंबर, जुना फोटो, जे असेल त्याची प्रत काढून ठेवा. ही माणसे सत्तरीच्या पुढे गेली आहेत. उशीर करायला वेळ नाही.

२. आज चालू असलेल्या जिनिंगमधल्या मजुरांना सांगा की ग्रॅच्युइटीसाठी हंगामी कामगाराने वर्षभर काम केलेले असावे लागत नाही. कारखाना जितके दिवस चालला त्यातले किमान ७५ टक्के दिवस काम केले, तर ती सेवा सलग धरली जाते. म्हणून हजेरीपटावर नाव आहे की नाही, हा पहिला प्रश्न. ठेकेदाराच्या वहीतले नाव पुरेसे समजू नका.

३. कारखाना दिवाळखोरीत गेला तर २०१६ च्या कायद्यानुसार २४ महिन्यांची कामगारांची देणी तारण असलेल्या बँकेच्या बरोबरीने धरली जातात. पण दावा दाखल केला तरच. लिलावाची जाहिरात पेपरात दिसली की भंगारवाल्याआधी कामगार संघटना तिथे पोचली पाहिजे.

४. हंगामी कामगारालाही १५ दिवसांची ग्रॅच्युइटी आणि विम्याचे संरक्षण मिळावे ही मागणी आपल्या प्रत्येक निवेदनात टाका. नव्या रेल्वेमार्गावर आणि नव्या जिनिंगमध्ये वस्तीतल्या आयटीआय झालेल्या मुलामुलींना कुशल कामात शिकाऊ उमेदवारी मिळावी, हेही त्यात लिहा. आमच्या आज्यांनी रेच्यावर कापूस लावला. त्यांच्या नातींनी त्या रेच्याचा पॅनल बोर्ड उघडून दुरुस्त करावा, यात जास्त काही मागितलेले नाही.

जयंतीच्या मिरवणुकीत डीजेवर जेवढा खर्च होतो त्याच्या एका हिश्शात एका तालुक्याची ही नोंदणी होऊ शकते. आम्ही आमच्या वस्तीतून सुरुवात केली आहे. आतापर्यंत अकरा नावे मिळाली, त्यातली आठ बायांची. तुमच्या गावातली नावे तुम्ही लिहा.

जय भीम!